स्वतःवर रोखलेला कॅमेरा



जेसन डासिल्वा हे नाव बेंगळुरूत फारसं कुणाच्या कानावर नसेल. मूळ गोव्याच्या घराण्यातला हा अमेरिकी माहितीपटकार आधी दुसऱ्यांच्या गोष्टी सांगायचा. ‘ऑलिव्हियाज पझल’ या लघुपटात त्याने दोन लहान मुली शेजारी शेजारी मांडल्या, एक गोव्यातली, दुसरी कॅनडातली.

मग त्याला मल्टिपल स्क्लेरोसिस झाला. या आजारात शरीराची प्रतिकारशक्तीच मज्जातंतूंच्या आवरणावर उलटते आणि मेंदूचे निरोप हातापायांपर्यंत धड पोचत नाहीत. २००६ साली, ऐन पंचविशीत, घरच्यांबरोबर समुद्रकिनारी असताना तो वाळूत पडला. उठायला गेला, तर पाय साथ देईनात. ते दृश्य चित्रित झालं होतं. दुसऱ्या कुणी ते लपवलं असतं; जेसनने ते ‘व्हेन आय वॉक’मध्ये ठेवलं. आधी काठी, मग वॉकर, मग चाकांची गाडी, उपाय शोधत केलेले प्रवास, आईचे खडे बोल, लग्न, सगळं या माहितीपटात आहे. २०१३ मध्ये तो सनडान्स चित्रपट महोत्सवात झळकला, पुढे एमी पुरस्कारही मिळाला.

‘व्हेन वी वॉक’ हा पुढचा माहितीपट जास्त अस्वस्थ करतो. जेसनचा संसार मोडला, त्याचा लहान मुलगा आईबरोबर टेक्सासला गेला. जेसनचे मदतनीस सरकारी योजनेतून मिळालेले आणि योजना प्रत्येक राज्यात वेगळी. मुलाजवळ राहायला न्यूयॉर्कमधलं घर सोडलं तर तीच मदत हातची जाणार! बाप आणि लेक यांच्यामध्ये आजाराइतकाच सरकारी नियमही उभा राहतो, हे तिथे डोळ्यांनी दिसतं.

नियमांचंच बघायचं, तर आपल्याकडे अपंगांसाठीच्या १९९५च्या कायद्यात अपंगत्वाचे ७ प्रकार होते. २०१६च्या कायद्याने ते २१ केले. त्यात जेसनचा आजारही आहे. जुन्या सार्वजनिक इमारती सुगम करायला २०१७च्या नियमांपासून पाच वर्षांची मुदत होती. ती कधीच उलटली. बेंगळुरूच्या नम्म मेट्रोत लिफ्ट आहे, पण स्टेशनाबाहेरच्या फुटपाथवर दुचाकी आडव्या लावलेल्या असल्या, की लिफ्टमधून आलेली चाकाची खुर्ची तिथेच अडते.

असेच अडथळे टिपायला जेसनने ‘ॲक्सेस मॅप’ हा नकाशा काढला. कोणत्या दुकानाच्या, हॉटेलच्या दारात पायरी आहे, स्वच्छतागृहात खुर्ची जाते का, हे त्यावर कुणीही नोंदवू शकतं. तुमच्या कॉलेजची नोंद तुम्हीच करा. फाटकापासून सुरुवात करा, ग्रंथालयाच्या वरच्या मजल्यापर्यंत जा, आणि या व्यासपीठावर खुर्चीतून कसं चढायचं, तेही लिहा.