पडद्यासमोरचा केरळ



मल्याळम सिनेमावरची परिषद पुण्यात भरते आहे, याचा मला विशेष आनंद आहे. अडूर गोपालकृष्णन आणि जॉन अब्राहम इथल्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकले. फाळक्यांच्या रिळांसाठी वणवण करून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभे करणारे पी. के. नायर मूळचे तिरुवनंतपुरमचे. १९३३ सालचा 'मार्तंड वर्मा' हा मूकपट त्याच संग्रहालयात जपलेला आहे.

त्याआधीचा, मल्याळममधला पहिला कथापट 'विगतकुमारन' मात्र काळाच्या ओघात नाहीसा झाला. जे. सी. डॅनियल यांच्या त्या मूकपटात पी. के. रोझी या दलित तरुणीने नायर स्त्रीची भूमिका केली होती. सवर्ण प्रेक्षकांना ते सोसले नाही. पडद्यावर दगड पडले आणि रोझीला तिरुवनंतपुरम कायमचे सोडावे लागले. मल्याळम सिनेमाचा गौरव करण्याआधी हा अन्याय या व्यासपीठावरून सांगितलाच पाहिजे.

त्याच केरळने १९५४ साली अस्पृश्यतेवर नेमके बोट ठेवणारा 'नीलक्कुयिल' डोक्यावर घेतला. मधल्या वर्षांत मंदिरप्रवेशाचे लढे झाले, शेतमजूर संघटित झाले, गावोगावी ग्रंथालये निघाली. वाचणारा, वाद घालणारा प्रेक्षक त्यातून घडला. पुढे फिल्म सोसायट्यांनी त्याला जगभरचा सिनेमा दाखवला. जॉन अब्राहम आणि त्यांच्या 'ओडेसा' या गटातल्या साथीदारांनी तर गावोगाव चित्रपट दाखवत लोकांकडून वर्गणी जमवली आणि १९८६ साली 'अम्मा अरियान' पुरा केला. सामान्य माणसाने पदरचे पैसे घालून सिनेमा उभा करावा, याहून मोठा पुरस्कार मला तरी माहीत नाही.

मात्र एवढ्या जागत्या समाजातही बाईच्या वाट्याला काय येते, हे 'द ग्रेट इंडियन किचन'ने २०२१ साली खरकट्या ताटांतून आणि गळक्या सिंकमधून दाखवले. चित्रपटसृष्टीतल्या स्त्रियांच्या छळाविषयीचा हेमा समितीचा अहवाल २०१९च्या डिसेंबरात सरकारला मिळाला, पण लोकांपुढे यायला २०२४चा ऑगस्ट उजाडला. 'विमेन इन सिनेमा कलेक्टिव्ह'मधल्या स्त्रिया चिकाटीने मागे लागल्या नसत्या, तर या प्रश्नाची दखलही घेतली गेली नसती.

उद्या सकाळचे सत्र याच विषयावर ठेवले आहे. केरळहून आलेल्या पाहुण्यांनी यजमानांची भीड न बाळगता बोलावे, आणि आम्ही मराठी मंडळींनी आपल्या चित्रपटसृष्टीलाही तेच प्रश्न विचारावेत, अशी स्वागताध्यक्ष या नात्याने माझी आग्रहाची विनंती आहे.