एक शब्द आणि अर्धशतक
(मये येथे दिलेल्या भाषणाचा सारांश)



मुक्तीपूर्वी गोव्यात छापायचा मजकूर आधी सेन्सॉरकडे न्यावा लागे. लग्नपत्रिकाही त्यातून सुटत नसे. त्याच काळात लंडनच्या हाइड पार्कमध्ये कोणीही खोक्यावर उभे राहून सरकारला नावे ठेवू शकत होता. आपल्याकडे १८ जून १९४६ रोजी डॉ. राममनोहर लोहिया मडगावात बोलायला उभे राहिले आणि त्यांना लगेच अटक झाली.

१७ फेब्रुवारी १९५४ रोजी म्हापशात एका न्यायाधीशाला निरोपाचे जेवण होते. गोवा पोर्तुगालचाच भाग आहे, असे एका वक्त्याने सांगितले. शल्यविशारद डॉ. पुंडलीक गायतोंडे यांनी तिथेच पोर्तुगीजमधून आपला निषेध नोंदवला. शब्द एकच होता. त्यांना अटक करून लिस्बनला नेण्यात आले. सत्तेने तो शब्द ऐकला होता, म्हणूनच ती घाबरली.

आता मयेकडे वळू. १९६१ साली गोवा मुक्त झाला, पण या गावची जमीन मयेकरांची झाली नाही. जमीनदार पोर्तुगालला गेले, म्हणून ती ‘स्थलांतरित मालमत्ता’ ठरली आणि १९६४च्या कायद्याने सरकारी अभिरक्षकाच्या ताब्यात राहिली. पिढ्यान्‌पिढ्या जिथे राहिलो, कसलो, ती जागा आपली म्हणता येईना. मयेकरांनी निवेदने दिली, सभा घेतल्या, आंदोलने केली. विधानसभेने मालकी हक्कासंबंधीचा कायदा केला तो २०१४ साली.

म्हणजे गायतोंडे यांच्या एका शब्दाला तत्काळ शिक्षा मिळाली. मयेकरांच्या हजारो शब्दांना उत्तर मिळायला अर्धशतक लागले. पहिला अन्याय आपल्याला चटकन ओळखता येतो. दुसऱ्यात कोणी तोंड दाबत नाही, फक्त कागद फाइलीत पडून राहतो. बोलण्याचे स्वातंत्र्य हवेच. पण ऐकणाऱ्यावर उत्तराचे बंधन नसेल तर ते अर्धेच राहते.

इथे भाषेच्या माणसांचे काम सुरू होते. शिक्षकांनी मुलांना निबंधाबरोबर निवेदन लिहायलाही शिकवावे: मागणी काय, आधार कोणता, उत्तर कधीपर्यंत हवे. ग्रामसभेत घेतलेली हरकत इतिवृत्तात आपल्याच शब्दांत उतरली का, हे विद्यार्थ्यांनी तपासावे. लेखकांनी मयेच्या लढ्यातल्या वृद्धांच्या आठवणी आजच लिहून घ्याव्यात. कायद्याच्या कागदावर कलमे राहतील; पन्नास वर्षे कोण काय बोलत होते, हे तिथे सापडणार नाही.