शाब्दिक उदाहरण : आधी भाषा, मग गुणाकार



४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती डॉ. राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते भिलाईची पहिली झोतभट्टी कार्यान्वित झाली. तेव्हापासून रूळ ही या नगरीची ओळख ठरली आहे. गुणाकाराच्या शाब्दिक उदाहरणास याहून जवळचा विषय कोणता?

‘एका रुळाची लांबी १३ मीटर आहे. असे २० रूळ जोडले, तर एकूण लांबी किती?’ तेराचा पाढा मुखोद्गत असलेले मूलही येथे पुष्कळदा ३३ असे उत्तर लिहिते. ‘एकूण’ हा शब्द दिसताच ते बेरीज करते. अशा मुलावर ‘गणितात कच्चा’ असा शिक्का बसतो. वस्तुतः अडचण गणिताची नसून वाचनाची असते. घरी मराठी, अंगणात हिंदी व छत्तीसगढी अशा वातावरणात वाढणाऱ्या मुलाला ‘प्रत्येकी’, ‘दर’, ‘पट’ हे शब्द आपोआप उमगतात, असे गृहीत धरता येत नाही.

यावर उपाय साधा आहे. मुलाने उदाहरण प्रथम स्वतःच्या शब्दांत सांगावे, मग चित्र काढावे. दोन रूळ २६ मीटर, तीन रूळ ३९ मीटर. मग वीस रूळ ३३ मीटर कसे होतील? चूक त्याची त्यालाच दिसते. समान गट वारंवार घेणे म्हणजे गुणाकार, हे कळल्यावर ‘तेरा दुणे सव्वीस’ कामी येते आणि २६० हे उत्तर मिळते.

आता पुढचा प्रश्न : हे वीस रूळ एका रेषेत जोडण्यास सांधे किती? घाईत उत्तर येते, वीस. खरे उत्तर एकोणीस. येथे गुणाकार नाही, केवळ विचार आहे. भिलाईत आज १३० मीटरचा अखंड रूळ तयार होतो. असे दोन जोडले की तीच २६० मीटर लांबी एका सांध्यात साधते. सांधे कमी तितका मार्ग अधिक सुरक्षित. गणिताचा अर्थ असा प्रत्यक्षात उतरतो.

भास्कराचार्यांनी इ. स. ११५० च्या सुमारास रचलेल्या ‘लीलावती’त गुणाकार शिकवताना १३५ ला १२ ने गुणण्याचा प्रश्न एका बालिकेला संबोधून घातला आहे. गणित संवादातून शिकवण्याची परंपरा इतकी जुनी आहे.

म्हणून पालकांनी ‘उत्तर किती आले?’ असे विचारण्यापूर्वी ‘उदाहरण काय सांगते?’ असे विचारावे. मातृभाषेतून शिकण्याचे खरे फळ त्या एका प्रश्नात आहे.