घराचं स्वप्न आणि बाहेर उभी बाई
(पाथरी येथे केलेले भाषण)



प्रायोगिक, असंगत लघुपट म्हणजे शहरी चैन, असं आपण म्हणतो. एक उदाहरण सांगते. १९६९ साली चित्रकार अकबर पदमसींनी मुंबईत कलावंतांसाठी कार्यशाळा काढली. तिथे नलिनी मलानींनी 'ड्रीम हाउसेस' हा लघुपट केला : घरांच्या प्रतिकृती आणि बदलते रंग. १९७६ साली त्याच्या जोडीला दुसरा पडदा आला. त्यावर झोपडपट्टीकडे पाहणारी तरुणी. या जोडीचं नाव 'युटोपिया'. गोष्ट नाही, घोषणा नाही.

पण घराचं स्वप्न आणि त्याबाहेर उभी बाई, हे पाथरीत कुणाला समजावून सांगावं लागेल? पथनाट्यातून आपण उत्तर देतो, ते हवंच. उत्तर न देता बाईला स्वतः पाहू देणारी कलाही आपल्या शिबिरांत हवी. पाहता पाहताच ती विचारेल : घराच्या कागदावर माझं नाव कुठे आहे?