थर्माकोलची गिटार
(पालक मेळाव्यात दिलेले भाषण)



गेल्या महिन्यात नववीतल्या एका मुलीने निबंधात लिहिले की, तिला चित्रपट लिहायचे आहेत आणि त्यांचे दिग्दर्शनही स्वतःच करायचे आहे. वही पाहून तिचे वडील माझ्याकडे आले. ते रागावलेले नव्हते, घाबरलेले होते. त्यांना जे सांगितले, तेच आज आपल्यापुढे ठेवतो.

आसाममधील छयगाव परिसरात एका शिक्षकाच्या घरी रीमा दास यांचा जन्म झाला. पुणे विद्यापीठातून त्यांनी समाजशास्त्रात एम. ए. केले, नेटची परीक्षाही त्या उत्तीर्ण झाल्या. म्हणजे प्राध्यापकीची वाट मोकळी होती. पण त्या अभिनेत्री व्हायला मुंबईला गेल्या. नाटकांत कामे केली. चित्रपटांत मात्र जम बसला नाही. दिग्दर्शनाचे रीतसर शिक्षण त्यांनी कोठेही घेतले नाही. देशोदेशीचे उत्तम चित्रपट पाहत त्या शिकल्या.

पहिल्या चित्रपटाच्या निमित्ताने त्या गावी परतल्या. तेथे पोरांनी थर्माकोलची वाद्ये करून बँड थाटला होता. त्यातून त्यांना ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ हा असमिया चित्रपट सुचला. लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन, निर्मिती, सारे त्यांचेच. ध्वनिमुद्रणाला नात्यातली एक बहीण. काम करणारी माणसे गावचीच. ऋतू पाहत, पुराची वाट पाहत काही वर्षे हे चित्रीकरण चालले.

गोष्ट धुनू नावाच्या मुलीची. तिचा बाप पुरात बुडून गेलेला. विधवा आई तिला त्याच पाण्यात पोहायला शिकवते. मुलगी वयात येते, तेव्हा झाडावर चढण्यावरून, मुलांत खेळण्यावरून गावच्या बाया तिला बोल लावतात. आई भाषण करीत नाही, पण लेकीच्या बाजूने ठाम उभी राहते. बापांनो, तुम्ही हे पाहावे असे मला फार वाटते.

हा चित्रपट 2017 साली टोरांटोच्या महोत्सवात दाखवला गेला. 2018 मध्ये त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटासह चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले आणि ऑस्करसाठी भारताची प्रवेशिका म्हणूनही तोच गेला. 2024 मध्ये दुसरा भाग आला, त्यात तीच मुलगी, आता मोठी झालेली.

ते वडील शांतपणे ऐकत होते. शेवटी म्हणाले, “सर, त्या बाईंनी एम. ए. तर केलं ना?” मी म्हटले, “केलं.” “मग हिचं शिक्षण मी थांबवत नाही. पुढचं पुढे बघू.” एवढ्यावर आमची बैठक संपली. वही त्यांनी घरी नेली नाही, मुलीकडेच ठेवली.

दिवाळीच्या सुट्टीआधी हा चित्रपट आपल्या सभागृहात दाखवावा, अशी विनंती मी चिटणीसांना केली आहे. मातांना सोयीची म्हणून वेळ दुपारी तीनची सुचवली आहे. वडिलांनी त्या दिवशी दुकान थोडे लवकर बंद करावे.