गंधर्वनगर आणि ग्रंथालय



शताब्दीच्या निमित्ताने विजय नगरातील सभासदांपुढे बोलण्याची संधी दिल्याबद्दल मी आभारी आहे. आज एका न झालेल्या शहराविषयी आणि माझ्या हातून झालेल्या एका चुकीविषयी बोलावयाचे आहे.

वैशाखात भर दुपारी आपण येथून देवासकडे निघालो, की समोरच्या रस्त्यावर पाणी साचल्यासारखे दिसते. जवळ जावे तो ते पुढे सरकते. या मृगजळाचे थोरले भावंड म्हणजे गंधर्वनगर: आकाशात तटबुरुजांसह दिसणारे, पण कोठेही नसलेले शहर.

सहाव्या शतकात, आपल्या शेजारच्या अवंतीत, वराहमिहिराने 'बृहत्संहिते'त त्यावर स्वतंत्र अध्याय लिहिला. इंद्रधनुष्य म्हणजे ढगाळ आकाशात वाऱ्याने विखुरलेले सूर्यकिरण, असे कारण देणारा हा पंडित गंधर्वनगराचे मात्र दिशा आणि रंग पाहून शुभाशुभ फलच सांगतो. कारण पुढे विज्ञानाने सांगितले. थंड हवेवर उष्ण हवेचा थर पसरला, की त्यांतून येणारे किरण खाली वाकतात आणि दूरचा किनारा वा जहाज उंच उचलल्यासारखे, मनोऱ्याप्रमाणे ताणलेले दिसते. इटलीतील मेसिनाच्या सामुद्रधुनीवरील अशा देखाव्याला लोकांनी मॉर्गाना या कथेतल्या जादूगारणीचे नाव दिले. म्हणजे तिकडेही डोळ्यांना दिसलेल्या नवलासाठी शब्द पुरवला तो अद्भुत कथेनेच.

आपल्याकडे शके १२१२ मध्ये, 'ज्ञानेश्वरी'च्या पंधराव्या अध्यायात, संसारवृक्षाचे मिथ्यत्व सांगताना ज्ञानदेव विचारतात, की गंधर्वांचा दुर्ग कोणी पाडावयास जाते काय? जे मुळात नाहीच, ते पाडण्याचा खटाटोप कशाला?

हा दृष्टांत मी वर्गात वर्षानुवर्षे शिकवला आणि तरीही एकदा तो दुर्ग पाडावयास निघालो. सुमारे वीस वर्षांपूर्वी मी एका ग्रंथनिवड समितीवर होतो. जीर्ण पुस्तके काढून टाकण्याची यादी समोर आली. तीत 'मुक्तामाला' (१८६१), 'मंजुघोषा' (१८६८) यांच्या परंपरेतील कितीतरी अद्भुत कादंबऱ्या होत्या. "वाङ्मयीन मूल्य नाही" असा शेरा लिहून मी सही केली. महिन्याभराने एक वयोवृद्ध सभासद तेथे आले. त्यांनी यातलेच एक पुस्तक मागितले. नाही म्हटल्यावर ते इतकेच म्हणाले, "सर, लहानपणी आमच्या घरी मराठी टिकली ती या पुस्तकांमुळे." मला उत्तर देता आले नाही.

त्यानंतर मी या प्रश्नाचा नव्याने विचार केला. गंधर्वनगर नसते हे खरे. पण ते दाखवणारे किरण खरे असतात आणि त्यांच्या वाकण्याचा नियमही खरा असतो. चांगल्या अद्भुत कथेचेही असेच आहे. जयंत नारळीकरांच्या 'उजव्या सोंडेचा गणपती' या कथेत माणूस आरशातल्या प्रतिबिंबाप्रमाणे डाव्याचा उजवा होतो; गणपतीची सोंडही दिशा बदलते. ही एक अशक्य गोष्ट आपण मान्य केली, की पुढचे सारे लेखक काटेकोर तर्काने चालवतो. जुन्या कादंबऱ्यांत हा तर्क बहुधा नव्हता, हे मी आजही म्हणेन. परंतु नसलेले शहर मराठीतून पाहण्याची सवय वाचकाला त्यांनीच लावली. पुढच्या लेखकांना तयार डोळे मिळाले ते त्यामुळे.

महाराष्ट्रापासून दूर, माळव्यात, या गोष्टीचे मोल अधिक आहे. येथे मुलांच्या कानावर दिवसभर हिंदी असते. त्यांना मराठीकडे ओढून आणणारे पुस्तक थोर असलेच पाहिजे असे नाही.

म्हणून दोन विनंत्या करतो. जीर्ण पुस्तक काढून टाकण्यापूर्वी त्याची बांधणी करून पाहावी. आणि आपल्या घरच्या माळ्यावर अशी एखादी कादंबरी असेल, तर ती रद्दीत न देता ग्रंथालयाला द्यावी. माझ्या सहीने गेलेली पुस्तके परत येणार नाहीत. निदान त्यांची जागा रिकामी राहू नये.