गूढ पोथीत काय दडलंय?



मागच्या महिन्यात एका गटाच्या बैठकीला गेले होते. बचतीचा हिशोब झाला, चहा झाला, आणि उठता उठता एक ताई हळूच म्हणाली, "बाई, आमच्या घरी जुनी पोथी हाय. तिची अक्षरं कोणालेच समजत नाहीत. एक महाराज म्हणते, त्यात गुप्तधनाची खूण हाय. वाचाले अकरा हजार मांगते." पैसे गटातून कर्जाने उचलायचा तिचा विचार होता.

मी म्हटलं, "थांब माय. आधी दुसऱ्या एका पोथीची गोष्ट ऐक." तीच आज तुम्हाला सांगते.

आपल्या शेजारच्या अमरावती जिल्ह्यात रिद्धपूर आहे. महानुभाव पंथाचं मोठं ठिकाण. सातशेहून अधिक वर्षांपूर्वी, १२७८च्या सुमारास, म्हाइंभटांनी तिथे चक्रधर स्वामींच्या आठवणी गोळा केल्या. ज्यांनी स्वामींना पाहिलं, ऐकलं, त्यांना गाठलं, विचारलं आणि लिहून ठेवलं. तो ग्रंथ म्हणजे लीळाचरित्र. मराठी गद्यातला हा पहिला मोठा ग्रंथ मानतात.

पुढे चौदाव्या शतकात पंथातल्या लोकांनी आपल्या पोथ्यांसाठी वेगळ्या लिप्या तयार केल्या. सकळ लिपी, सुंदरी लिपी, अंक लिपी अशी त्यांची नावं. सकळ लिपी रवळोव्यासांनी केली असं सांगतात. पोथी भलत्याच्या हाती पडू नये, हा हेतू. पोरं 'च'ची भाषा बोलतात ना, तसंच काहीसं. एका अक्षराच्या जागी दुसरं घालायचं. ज्याला किल्ली ठाऊक, त्याला वाचता येतं. बाकीच्यांना ती मंत्रतंत्राची अक्षरं वाटतात.

शेकडो वर्षं बाहेरच्या लोकांना या पोथ्या वाचता आल्या नाहीत. मग विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य राजवाडे यांनी सकळ लिपी उलगडली. पंथातल्या महंतांनीही अभ्यासकांना पोथ्या दाखवल्या. पुढे बुलढाणा जिल्ह्यात जन्मलेले डॉ. वि. भि. कोलते यांनी अनेक पोथ्या ताडून पाहिल्या आणि १९७८ साली लीळाचरित्राची मोठी आवृत्ती निघाली.

आता सांगा, त्या गूढ अक्षरांत काय निघालं? धन नाही, जादू नाही. निघाली साधी मराठी बोली. कोण कुठे जेवलं, कोण कोणावर रुसलं, कोणी काय विचारलं, स्वामींनी काय उत्तर दिलं. बायका प्रश्न विचारतात आणि त्यांना उत्तर मिळतं. पाळीच्या विटाळाबद्दलही त्यात आहे. शरीरातून जसे इतर स्राव होतात तसाच हाही एक, असं चक्रधरांनी सांगितलं. सातशे वर्षांपूर्वी! आणि आपल्या कितीतरी घरांत आजही चार दिवस पोरीला बाजूला बसवतात.

आणखी एक गोष्ट. चक्रधरांच्या मागे पंथ सांभाळला नागदेवाचार्यांनी. शिष्यांत संस्कृत जाणणारे पंडित होते. पण संस्कृतात लिहू नका, नाहीतर माझ्या म्हाताऱ्या बायांना काही कळणार नाही, असं नागदेवाचार्यांनी बजावलं. म्हणजे पंथाचं ज्ञान मराठीत राहिलं ते आपल्यासारख्या बायांसाठी. त्याच पंथातल्या महदाइसेचे धवळे, म्हणजे लग्नात गायची गाणी, आजही अभ्यासली जातात. तिला मराठीतली आद्य कवयित्री म्हणतात.

आणि बरं का, लीळाचरित्राची मूळ पोथी खिलजींच्या स्वाऱ्यांच्या धामधुमीत हरवली. मग ज्यांना पाठ होतं त्यांनी आठवून ती पुन्हा उभी केली. त्यांतला एक मानाचा पाठ हिराइसा नावाच्या बाईचा. कागद गेला, पण बाईच्या डोक्यातलं राहिलं.

आपल्या वाशीम जिल्ह्यातही असं धन आहे. कारंज्याच्या जैन मंदिरांत शेकडो वर्षं हस्तलिखितं जपून ठेवली होती. डॉ. हिरालाल जैन यांनी त्यांचा अभ्यास केला आणि १९३०नंतरच्या काही वर्षांत अपभ्रंश भाषेतले जुने ग्रंथ छापून आणले. त्यांतला 'पाहुडदोहा' हा १९३३चा. आत्म्याचा शोध सांगणारे दोहे आहेत त्यात. कोणीतरी पोथी जपली, म्हणून कोणाला तरी ती वाचता आली.

तर मग घरात जुनी पोथी निघाली तर काय करायचं? नदीत सोडायची नाही. पानांना हळदकुंकू, तेल लावायचं नाही. चिकटपट्टी लावायची नाही, लॅमिनेशन करायचं नाही. पानांचा क्रम मोडायचा नाही. स्वच्छ सुती कापडात गुंडाळून ओल आणि वाळवीपासून लांब ठेवायची. मोबाईलवर एकेका पानाचा फोटो काढायचा आणि तो कॉलेजातल्या मराठीच्या किंवा इतिहासाच्या शिक्षकांना दाखवायचा. रिद्धपूरला आता मराठी भाषा विद्यापीठही झालं आहे. मूळ पोथी मात्र अनोळखी माणसाच्या हाती द्यायची नाही.

आणि कोणी गुप्तधनाचं नाव काढलं तर सावध व्हा. चमत्काराच्या नावावर पैसे उकळणं, गुप्तधनासाठी अघोरी प्रकार करणं, हा २०१३च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. पोलीस ठाण्यात जा, एकटी नाही, गटाच्या चारजणी मिळून जा.

त्या ताईने पानांचे फोटो मोडी वाचणाऱ्या एका गुरुजींना दाखवले. ती अक्षरं मोडी होती. आपले पणजोबा हिशोब लिहायचे ती साधी मोडी. पोथी म्हणजे तिच्या आजेसासऱ्यांची वही. कोणाला किती पायल्या ज्वारी दिली, कोणी परत केली, कोणाची राहिली.

ताई हसली. म्हणाली, "म्हणजे हे आपल्या गटाच्या वहीवानीच झालं की वं!"

अकरा हजार वाचले. वही घरात आहे, कापडात बांधून. आता तुमच्या घरच्या फडताळात काय आहे, तेही एकदा बघा.

रामराम.